उंबरठ्यावरचे धरणे : लाज, अब्रू आणि वसुली यांचा इतिहास

१/ 'धरणे' म्हटले की आज मंडप, फलक आणि घोषणा डोळ्यांसमोर येतात. दोनशे वर्षांपूर्वी या शब्दाचा अर्थ अधिक खाजगी होता आणि अधिक भयंकरही. एक माणूस दुसऱ्याच्या उंबरठ्यासमोर येऊन बसे, अन्न वर्ज्य करी आणि आपले येणे मिळेपर्यंत उठत नसे. त्याच्यापाशी शिपाई नसे, हुकूमनामाही नसे. समोरच्याला लाज वाटेल, या एकाच भरवशावर तो बसलेला असे. हा भरवसा कशावर उभा होता आणि तो कसा मोडला, याचा हा धागा.

२/ आरंभ शब्दांपासून करावा. 'अब्रू' फारसीतून आली. 'आब' म्हणजे पाणी, 'रू' म्हणजे चेहरा. चेहऱ्यावरचे पाणी ती अब्रू. 'तकाजा' आणि त्याचे रूढ रूप 'तगादा' हेही अरबी-फारसीच्या वाटेने मराठीत रुळले. 'पत' हा शब्द तर दोन गोष्टी एकदम सांगतो : समाजातील प्रतिष्ठा आणि उधार मिळण्याची पात्रता. गहाणखत, नोंदणी कचेरी आणि दिवाणी न्यायालय यांचा पसारा वाढण्यापूर्वी या दोन गोष्टी व्यवहारात फारशा वेगळ्या नव्हत्या. माणूस चारचौघांत कसा दिसतो, यावर त्याला कर्ज किती मिळेल हे ठरत असे.

३/ 'दिवाळे' या शब्दाची परंपरागत व्युत्पत्ती याच जगातली आहे. देणी भागवता न येणारा व्यापारी भर दिवसा दुकानात दिवा लावून बसे, त्यावरून 'दिवाळे निघाले' असे म्हणू लागले, अशी समजूत आहे. व्युत्पत्ती भाषाशास्त्राच्या कसोटीला उतरो वा न उतरो, लोकांना ती पटली हे महत्त्वाचे. आर्थिक नाशाची घोषणा वहीत होत नाही, रस्त्यावरून जाणाऱ्यांच्या डोळ्यांदेखत होते, हे त्यांना ठाऊक होते.

४/ लाजेने वसुली करण्याची रीत फार जुनी. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात ऋण परत मिळवण्याचे पाच मार्ग दिले आहेत : धर्म, व्यवहार, छल, आचरित आणि बल. यांपैकी 'आचरित' म्हणजे रूढीने मान्य झालेला दबाव. ऋणकोच्या बायकोमुलांना किंवा गुरांना अडकवून ठेवणे आणि त्याच्या दारात ठाण मांडून बसणे, असा त्याचा अर्थ टीकाकारांनी लावला आहे. म्हणजे दारात बसणे ही कोणा एकाची आडदांड युक्ती नव्हती. शास्त्रकारांनी तिला वसुलीच्या मार्गांत जागा दिली होती.

५/ तेराव्या शतकाच्या अखेरीस दक्षिण भारताच्या पूर्व किनाऱ्यावर आलेला मार्को पोलो एक चमत्कारिक रिवाज सांगतो. धनको संधी साधून ऋणकोभोवती जमिनीवर वर्तुळ आखतो. देणे भागवल्याशिवाय किंवा तारण दिल्याशिवाय ऋणकोने ते ओलांडायचे नाही. पोलोच्या सांगण्याप्रमाणे एका परदेशी व्यापाऱ्याने घोड्यावर बसलेल्या खुद्द राजाभोवती असे वर्तुळ आखले आणि व्यापाऱ्याचे समाधान होईपर्यंत राजा तेथून हलला नाही. मातीतली ती रेघ कोणीही पुसू शकला असता. राजाला मात्र ती ओलांडता आली नाही, कारण प्रजा पाहत होती.

६/ धरण्याचे सविस्तर वर्णन गव्हर्नर जनरल सर जॉन शोअर याच्या लेखात सापडते. 'एशियाटिक रिसर्चेस'मध्ये अठराव्या शतकाच्या अखेरीस तो प्रसिद्ध झाला. धरणेकरी ब्राह्मण हातात विष किंवा कट्यार घेऊन ऋणकोच्या दारात बसतो. ऋणकोने त्याला ओलांडण्याचा किंवा हुसकावण्याचा प्रयत्न केल्यास जीव देण्याची त्याची तयारी असते. तो उपाशी राहतो आणि रिवाजाप्रमाणे घरमालकानेही उपाशी राहायचे असते. मग दोघांपैकी कोणाचा धीर आधी सुटतो, यावर सारे ठरते.

७/ घरमालकाने उपाशी का राहावे? दारात ब्राह्मण मेला तर ब्रह्महत्येचे पातक लागेल, हे उघड भय होते. दुसरे भय मुके होते. धरणे दारात चालते आणि दार हा घराचा जगाला दिसणारा भाग. येणारा-जाणारा थांबतो, शेजारी विचारतात, नोकरचाकर कुजबुजतात. आत जेवणाची पंगत बसली आणि उंबरठ्याबाहेर माणूस उपाशी असला, तर त्या पंगतीत बसायला कोणी येत नाही. जे झाकण्यासाठी घराला भिंती असतात, तेच उपोषणकर्ता बाहेर मांडून बसलेला असे.

८/ मराठी मुलुखातले धरणे कसे होते, हे माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनच्या अहवालातून कळते. पेशवाई बुडाल्यावर जिंकलेल्या प्रदेशाची व्यवस्था लावताना, १८१९ मध्ये त्याने तो लिहिला. त्यात 'तकाजा' हा न्याय मिळवण्याचा एक प्रचलित मार्ग म्हणून येतो. ऋणको वरच्या दर्जाचा असेल तर धनको प्रथम विनवण्या करी, त्याच्या प्रतिष्ठेला आणि लाजेला हात घाली. मग उंबरठ्यावर आडवा पडे, त्याची वाट अडवी, दारासमोर आक्रोश करी किंवा हे करण्यासाठी दुसऱ्यांना नेमी. अखेरीस उपोषणाला बसे आणि देवाचा शाप मागे.

९/ एल्फिन्स्टनची पुढची नोंद फार मोलाची आहे. मागणी न्याय्य असेल तोवर तकाजा करणाऱ्याला त्रास न देणे हा लोकांत इभ्रतीचा प्रश्न मानला जाई आणि अशा तकाज्यातून काही ना काही निष्पन्न होई. मागणी अन्यायाची असेल तर गांजलेला माणूस स्वतःच पंचायतीची मागणी करी. म्हणजे लाज ही पंचायतीच्या अलीकडची पायरी होती. ज्याला दोन्ही नको असत, त्याला गावात तोंड दाखवणे अवघड होई.

१०/ परंतु या चित्राला दुसरी बाजू आहे आणि ती झाकता येत नाही. ऋणको बरोबरीचा किंवा खालच्या दर्जाचा असला की तकाज्याचे रूप पालटे. त्याला घरात कोंडत, जेवू देत नसत, उन्हात बसवत. क्वचित भर दुपारी डोक्यावर जड दगड देऊन एका पायावर उभे करत. वरच्याला लाज आणि खालच्याला छळ, अशी ही विभागणी होती. एकाच शब्दात दोन्ही गोष्टी मावत होत्या.

११/ वरच्यांना ही लाज खरोखर बोचत असे का? थोरले बाजीराव यांनी ब्रह्मेंद्रस्वामींना लिहिलेली पत्रे प्रसिद्ध आहेत. कर्जाच्या नरकात बुडाल्याची आणि सावकारांच्या पायी डोके घासून कपाळाची कातडी गेल्याची व्यथा त्यांत आहे. दिल्लीपर्यंत धडक मारणारा सेनानी घरच्या सावकारांपुढे असा वाकत होता. थोरले माधवराव यांनी १७७२ मध्ये थेऊरला मृत्युशय्येवर असताना जी कलमे लिहवून घेतली, त्यांत राज्याच्या कर्जफेडीची तजवीज होती. देणे ठेवून मरणे ही त्या काळी पारलौकिक चिंता होती आणि घराण्याची नामुष्कीही.

१२/ सैन्यातही हेच हत्यार चाले. पगार महिनोन्महिने थकला की शिपाई आपल्या सरदाराच्या डेऱ्यापुढे धरणे धरत. १८०९ मध्ये दौलतराव शिंद्यांच्या छावणीबरोबर फिरणाऱ्या टॉमस ब्रॉटन या इंग्रज अधिकाऱ्याने आपल्या पत्रांत अशा धरण्यांचा उल्लेख केला आहे. हातात तलवार असलेली माणसे तलवार बाजूला ठेवून उपाशी बसत, हे त्या परकीयाला नवलाचे वाटले असल्यास आश्चर्य नाही. धन्यावर शस्त्र उपसणे हे बंड होते. धन्याच्या दारात उपाशी बसणे ही चाकरीच्या मर्यादेत राहून केलेली मागणी होती.

१३/ धरण्याची अंतिम पायरी म्हणजे त्रागा. गुजरात-काठेवाडात भाट आणि चारण हे करारांना जामीन राहत. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी गायकवाडांच्या खंडणीच्या व्यवहारांतही त्यांची जामिनकी चाले. वचन मोडले गेले तर भाट स्वतःला जखम करून घेई, प्रसंगी स्वतःचा किंवा घरातल्या कोणाचा जीव घेई आणि ते रक्त वचन मोडणाऱ्याच्या माथी बसे. या त्राग्यात बळी जात तो बहुधा घरातील वृद्ध स्त्रीचा वा मुलाचा. आज मराठीत 'त्रागा करणे' म्हणजे रागाने आदळआपट करणे. शब्द राहिला, त्यातले रक्त विस्मरणात गेले.

१४/ आणि या दारात बसायचे कोणी? ब्राह्मणाच्या उपोषणाला ब्रह्महत्येच्या भयाचे बळ होते, भाटाच्या त्राग्याला पावित्र्याचे. ज्याच्या मरणाने समोरच्याला पातक लागेल असे समाज मानत नव्हता, त्याच्या उपोषणाचे वजन ते किती? ज्याला वाड्याच्या उंबरठ्याजवळ येण्याचीच मुभा नव्हती, त्याने धरावे तरी काय? लाजेचा न्याय दुर्बळाला उपयोगी पडे, परंतु प्रत्येक दुर्बळाला नव्हे.

१५/ हे केवळ हिंदुस्थानातच होते असे मात्र नाही. आयर्लंडच्या प्राचीन ब्रेहन कायद्यात, ऋणको उच्च दर्जाचा असेल तर त्याची मालमत्ता अडकवण्यापूर्वी धनकोने त्याच्या दारात उपोषण करावे, असा नियम होता. त्या उपोषणाला दाद न देणाऱ्याला समाजात कोणापुढेही हक्क सांगता येत नसे. हिंदुस्थानात विधी सदस्य राहिलेला हेन्री मेन याने १८७५ च्या आपल्या ग्रंथात या चालीची धरण्याशी तुलना केली. दोन्हीकडे उपोषणाचा रोख वरच्या माणसाकडे आहे, हे ध्यानात घेण्याजोगे आहे. जेथे बळ चालत नाही, तेथे माणूस समोरच्याच्या अब्रूला हात घालतो.

१६/ कंपनी सरकारला ही रीत रुचणे शक्य नव्हते. काशी प्रांतासाठी १७९५ मध्येच धरण्याविरुद्ध नियम झाले. पुढे १८६० च्या भारतीय दंडसंहितेत कलम ५०८ आले : अमुक केले नाही तर दैवी कोप होईल, असे भासवून एखाद्याला काही करायला किंवा न करायला भाग पाडणे हा गुन्हा. कलमाखाली दोन उदाहरणे आहेत. पहिल्यात एक माणूस दुसऱ्याच्या दारात धरणे धरून बसतो. दुसऱ्यात तो स्वतःचे मूल मारण्याची धमकी देतो. पहिले धरणे, दुसरा त्रागा. शिक्षा एक वर्षापर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही. नव्या भारतीय न्याय संहितेत हा गुन्हा कलम ३५४ म्हणून कायम आहे.

१७/ या कायद्याने अनेक जीव वाचले असतील, यात शंका नाही. पण रिकाम्या झालेल्या जागी काय आले, हेही पाहावे लागते. १८५९ मध्ये दिवाणी प्रक्रिया संहिता आली आणि त्याच वर्षी मुदतीचा कायदाही आला. त्यामुळे साध्या कर्जाचा दावा तीन वर्षांत लावणे भाग पडू लागले. सावकार मुदत संपत आली की व्याज मुद्दलात मिळवून नवे खत लिहून घेऊ लागले. दावा लागला तरी कुणबी बहुधा न्यायालयात जात नसे आणि निकाल एकतर्फी होई. मग हुकूमनामा, जप्ती, लिलाव. सावकाराला आता ऋणकोच्या लाजेची गरज उरली नाही. आणि गाव काय म्हणेल, याची पर्वा करण्याचेही कारण उरले नाही.

१८/ पुणे जिल्ह्यात शिरूर तालुक्यात करडे नावाचे गाव आहे. तेथील बाबासाहेब देशमुख हे वजनदार घराण्यातले, पण कर्जबाजारी. डिसेंबर १८७४ मध्ये काळूराम या सावकाराने त्यांच्यावर १५० रुपयांचा हुकूमनामा मिळवला, घर जप्तीत घेतले आणि पाडायला काढले. कायद्याच्या दृष्टीने यात काही वावगे नव्हते. पण गावातल्या प्रमुख घरांपैकी ते एक होते आणि गावकऱ्यांच्या डोळ्यांदेखत ते उतरवले जात होते. कर्ज गावाला नवे नव्हते. गावाने पाहिली ती देशमुखांची उघड्यावर पडलेली अब्रू.

१९/ गावाने मग लाजेचे हत्यार स्वतःच्या हाती घेतले. सावकारांची शेती कोणी करायची नाही, न्हाव्याने हजामत करायची नाही, पाणी भरायचे नाही. इतर गावांतही बहिष्काराचे करार झाले. १२ मे १८७५ रोजी सुप्याच्या बाजारात दंगा उसळला आणि पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत पसरला. दंगेखोरांचा रोख मुख्यतः खतांवर होता. खते मुकाट्याने दिली तेथे सहसा मारहाण झाली नाही.

२०/ चौकशी आयोगाने एक गोष्ट नमूद केली : रोष बहुतांशी मारवाडी आणि गुजर सावकारांवर होता. जेथे ब्राह्मण किंवा अन्य स्थानिक सावकारही होते, तेथे ते बहुधा वाचले. परक्याविषयीचा आकस त्यात होताच आणि तो समर्थनीय नाही. पण एक कारण या धाग्याच्या विषयाशी जोडलेले आहे. स्थानिक सावकाराला त्याच गावात मुलांची लग्ने करायची होती, त्याच देवळात जायचे होते. गावाच्या डोळ्यांचा धाक त्याला काही अंशी तरी होता. न्यायालयाच्या बळावर उभ्या राहिलेल्या बाहेरच्या सावकाराला तो नव्हता.

२१/ त्या काळच्या अधिकाऱ्यांत एक मत फार लोकप्रिय होते : कुणबी कर्जात बुडतो तो लग्नकार्यातल्या उधळपट्टीमुळे, खोट्या मोठेपणापायी. आयोगाने आकडे तपासून सांगितले की या कारणाला वाजवीपेक्षा अधिक महत्त्व दिले गेले आहे. एखाद्या लग्नापेक्षा सारा, बियाणे, बैल आणि पोटाला धान्य यांसाठी वारंवार काढलेली लहान कर्जे अधिक जड होती. शिवाय लग्नातला खर्च ही निव्वळ हौसही नव्हती. जेथे पत पाहून कर्ज मिळते, तेथे मांडव आखडता घेणे म्हणजे घर खचल्याची दवंडी पिटणे. गरिबाच्या दिखाव्याला उधळपट्टी म्हणणे सोपे असते. त्या दिखाव्यावर त्याचे पुढचे कर्ज अवलंबून आहे, हे पाहायला हिशेब करावा लागतो.

२२/ दंग्यांचे फलित म्हणजे १८७९ चा 'डेक्कन ॲग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ ॲक्ट'. न्यायालयाने खतामागचा व्यवहार तपासावा आणि पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्याला तुरुंगात टाकू नये, अशा तरतुदी त्यात होत्या. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी पुढे याच कायद्याखाली विशेष न्यायाधीश म्हणून काम पाहिले. ऋणकोची प्रतिष्ठा राखण्याचे काम आता गावाच्या डोळ्यांकडून कायद्याच्या कलमाकडे आले.

२३/ धरण्याचे पुढे काय झाले? विसाव्या शतकात ते राजकारणात आले. १९२१ मध्ये कलकत्त्याच्या काही विद्यार्थ्यांनी इतरांची वाट अडवून धरणे धरले, तेव्हा गांधीजींनी 'यंग इंडिया'त त्याला रानटीपणा म्हटले; त्यांच्या मते ती सक्ती होती. स्वातंत्र्यानंतर 'धरणे आंदोलन' नित्याचे झाले. पण त्यातून एक गोष्ट हळूहळू गळाली, ती म्हणजे दार. आज धरण्याला जागा नेमून दिलेली असते : मुंबईत आझाद मैदान, दिल्लीत जंतरमंतर. ज्याला लाज वाटावी, त्याच्या उंबरठ्यापासून बसणारा दूर असतो आणि आत पंगत चालू राहू शकते.

२४/ वसुलीतली लाज मात्र संपलेली नाही. तिची दिशा फिरली आहे. पुण्यासह काही महापालिकांनी थकबाकीदारांच्या दारासमोर बँड वाजवून कर वसूल केला आहे. अलीकडे कर्ज देणाऱ्या काही मोबाइल ॲपनी ऋणकोच्या फोनमधले संपर्क काढून घेतले आणि नातेवाइकांना, सहकाऱ्यांना त्याच्या बदनामीचे संदेश पाठवले. काही हजारांच्या कर्जापायी माणसांनी आत्महत्या केल्याच्या बातम्या आल्या. सप्टेंबर २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने डिजिटल कर्जासाठी नियम केले आणि फोनमधल्या संपर्क-यादीला हात लावायला मनाई केली.

२५/ जुने धरणे आणि हा नवा तगादा यांत एक मोठा फरक आहे. धरणे धरणारा आपले तोंड दाखवून बसे. तो स्वतः उपाशी राही, म्हणजे दुसऱ्याची अब्रू मागताना स्वतःचा जीव तारण ठेवी. मागणी खोटी असेल तर त्याचीही लाज जाई, आणि शेवटी पंचायतीला वाट मोकळी असे. आज संदेश पाठवणाऱ्याचे नाव नसते, दार नसते, उपासही नसतो. सारी लाज एकाच बाजूला पडते आणि ती बाजू बहुधा दुबळ्याची असते.

२६/ म्हणून धरण्याचा जुना काळ परत यावा, असे कोणी म्हणणार नाही. त्यात विष होते, कट्यार होती, त्राग्यात मेलेली मुले होती. पण कोणत्याही काळी 'लोक काय म्हणतील' हे वाक्य ऐकू आले, की ते कोणाला ऐकवले जात आहे हे आधी पाहावे. मार्को पोलोने पाहिलेल्या मुलुखात ते घोड्यावरच्या राजाला ऐकू गेले होते. करडे गावात ते सावकाराला ऐकू गेले नाही, आणि पाच महिन्यांत सुप्याच्या बाजारात खते जळाली.

(धागा समाप्त)